पावणेतीन फुटांचा गुप्तहेर

'फॉर युअर हाइट ओन्ली' हे नाव ऐकलं की अर्धा विनोद तिथेच कळतो. 1981 सालच्या 'फॉर युअर आइज ओन्ली' या जेम्स बाँडपटाच्या नावाची त्याच वर्षी फिलिपिन्समध्ये उडवलेली ही टर. नायक वेंग वेंग, खरं नाव एर्नेस्टो दे ला क्रूझ. उंची 83 सेंटिमीटर, म्हणजे पुरती पावणेतीन फूटही नाही.

बाँडची नक्कल मनिलाला तोवर जुनी झाली होती. 1960 च्या दशकाच्या मध्यापासून टोनी फेरर 'एजंट एक्स-44' होऊन पांढऱ्या सुटात कराटेचे हात दाखवत होता, आणि विनोदवीर डॉल्फी अशा हेरपटांची खिल्ली उडवत होता. वेंग वेंगही आधी डॉल्फीसोबतच झळकला.

दिग्दर्शक एडी निकार्ट मूळचा स्टंटमन. त्यामुळे मारामारी नायकाच्या मापानेच बेतलेली आहे. वेंग वेंग गुळगुळीत फरशीवरून घसरत येतो, गुंडांच्या पायांमधून निघतो आणि जिथे हात पोचतो तिथेच ठोसा हाणतो. कुठे पोचतो ते सांगायला नको. पाठीवर जेटपॅक बांधून तो उडतोही. गंमत अशी की त्याचा चेहरा कायम गंभीर. हसायचं काम प्रेक्षकांनी करायचं.

पण हा सिनेमा जगभर गेला तो राष्ट्राध्यक्षांच्या पत्नी इमेल्डा मार्कोस यांच्या हौसेमुळे. फ्रान्समधलं कान शहर जसं चित्रपट महोत्सवासाठी गाजतं, तसं मनिलाला आशियाचं 'कान' बनवायचं म्हणून त्यांनी समुद्राकाठी घाईघाईने फिल्म सेंटर उभारायला घेतलं. 17 नोव्हेंबर 1981 च्या पहाटे तिथली परांची कोसळली आणि कामगार ओल्या सिमेंटात गाडले गेले. किती मेले, यावर आजही वाद आहे. तरी जानेवारी 1982 मध्ये महोत्सव थाटात झाला. देशाची कला मिरवायला मांडलेल्या त्या बाजारात परदेशी वितरकांनी उचलला तो हा बुटका हेर. इंग्रजी डबिंगने त्यात आणखी चावटपणा भरला.

कीर्ती झाली, पण पैसा त्याच्या हाती फारसा लागला नाही, असं त्याचा भाऊ सांगतो. लाट ओसरली. 29 ऑगस्ट 1992 रोजी वेंग वेंग गेला, तेव्हा त्याच्या पस्तिसाव्या वाढदिवसाला नऊ दिवस उरले होते. पुढे त्याचा माग काढायला ब्रिस्बेनचा एक व्हिडिओ-लायब्ररीवाला, अँड्र्यू लेव्हल्ड, मनिलाला जाऊन थडकला.