सेनाधिकाऱ्याची कारकीर्द (भारतीय भूदल)

भूदलात कमिशन (अधिकारीपदाची नेमणूक) मिळाल्यापासून निवृत्तीपर्यंतची अधिकाऱ्याची वाटचाल. पहिली तेरा वर्षे ही वाट बऱ्यापैकी सरळ असते. त्यानंतर ती दर टप्प्याला अरुंद होत जाते आणि एका तुकडीतून बाहेर पडलेल्या शेकडो अधिकाऱ्यांपैकी अगदी मोजके लेफ्टनंट जनरलच्या हुद्द्यापर्यंत पोचतात.

बारावीनंतर खडकवासल्याच्या राष्ट्रीय संरक्षण प्रबोधिनीत तीन वर्षे आणि मग डेहराडूनच्या भारतीय सैनिकी अकादमीत एक वर्ष, हा या वाटेचा सर्वांत परिचित आरंभ. पदवीनंतर थेट डेहराडूनला किंवा चेन्नईच्या अधिकारी प्रशिक्षण अकादमीतही जाता येते. पासिंग आउट परेडनंतर आईवडील मुलाच्या खांद्यावरचे दोन तारे उघडे करतात आणि तो लेफ्टनंट होतो.

पुढच्या तीन बढत्या सेवाकाळावर मिळतात : दोन वर्षांनी कॅप्टन, सहा वर्षांनी मेजर, तेरा वर्षांनी लेफ्टनंट कर्नल. त्यासाठी ‘पार्ट बी’ आणि ‘पार्ट डी’ या खात्यांतर्गत परीक्षा द्याव्या लागतात. मात्र खरी चुरस असते ती निलगिरीतील वेलिंग्टनच्या स्टाफ कॉलेजच्या प्रवेश परीक्षेसाठी. तिथला अभ्यासक्रम पुढच्या निवडीत मोलाचा ठरतो, म्हणून सीमेवरच्या चौकीत कंदिलाच्या उजेडात तिची तयारी करणारे मेजर पलटणीपलटणीत सापडतात.

कर्नलचा हुद्दा नुसत्या सेवाकाळावर हवा असेल, तर २६ वर्षे थांबावे लागते, आणि तसा कर्नल पलटणीची कमान (नेतृत्व) घेत नाही. कमान हवी तर निवड मंडळातून जावे लागते. मंडळापुढे अधिकाऱ्याचे वर्षानुवर्षांचे गोपनीय अहवाल येतात. थेट वरिष्ठ, त्यांचे वरिष्ठ आणि त्यांच्याही वरचे अधिकारी अशा तीन पातळ्यांवर ते लिहिले जातात आणि त्यांत १ ते ९ असे गुण असतात. एका वर्षाच्या तुकडीचा विचार एकत्र होतो. नाव आले नाही, तर फेरविचाराच्या आणखी दोन संधी मिळतात. तेव्हाही निवड न झालेला अधिकारी उरलेली नोकरी निष्ठेने करतो, पण कमानीची वाट त्याच्यासाठी बंद होते. उत्तम अधिकारी जागांच्या टंचाईमुळे इथे मागे राहतात, आणि या व्यवस्थेतली सर्वांत क्लेशकारक गोष्ट हीच आहे.

पलटणीची कमान हा कारकिर्दीचा गाभा. पायदळाच्या पलटणीत साधारण आठशे जवान असतात. त्यांचे प्रशिक्षण, रजा, घरची अडचण, आणि लढाई झाली तर त्यांचे जीव या सर्वांची जबाबदारी सीओवर, म्हणजे पलटणीच्या प्रमुखावर (कमांडिंग ऑफिसर), असते. पुढे कितीही मोठी फौज हाताखाली आली, तरी जवानाला नावानिशी ओळखण्याचा हा शेवटचा हुद्दा होय.

अरुणकुमार वैद्य यांचे उदाहरण या संदर्भात बोलके आहे. १९४५ मध्ये कमिशन मिळालेले वैद्य १९६५ च्या युद्धात डेक्कन हॉर्स या रणगाडा रेजिमेंटचे प्रमुख होते (तेव्हा हे पद लेफ्टनंट कर्नलकडे असे). खेमकरण भागात असल उत्तरच्या लढाईत या रेजिमेंटच्या जुन्या शर्मन रणगाड्यांनी पाकिस्तानच्या पॅटन रणगाड्यांना तोंड दिले आणि वैद्यांना महावीरचक्र मिळाले. १९७१ मध्ये ते १६ स्वतंत्र चिलखती (रणगाड्यांच्या) ब्रिगेडचे प्रमुख होते. झफरवाल भागात बसंतर नदीकाठचे सुरुंगक्षेत्र ओलांडून केलेल्या चढाईबद्दल त्यांना दुसऱ्यांदा तेच पदक मिळाले. १९८३ मध्ये ते लष्करप्रमुख झाले.

कर्नलनंतर ब्रिगेडियर, मग डिव्हिजनची (अनेक ब्रिगेडच्या फौजेची) कमान घेणारा मेजर जनरल, मग कोरची (अनेक डिव्हिजनच्या फौजेची) कमान घेणारा लेफ्टनंट जनरल. प्रत्येक पायरीला वेगळे निवड मंडळ असते. कोरच्या वर पुणे, उधमपूर, चंडीमंदिर, कोलकाता, लखनौ, जयपूर आणि सिमला इथली विभागांची (कमांड) मुख्यालये आहेत. तिथे पोचण्यासाठी ज्येष्ठतेबरोबर निवृत्तीला पुरेसा अवधी उरलेला असावा लागतो. निवृत्तीचे वय कर्नलचे ५४, ब्रिगेडियरचे ५६, मेजर जनरलचे ५८ आणि लेफ्टनंट जनरलचे ६०. त्यामुळे जन्मतारीखही कर्तबगारीइतकीच निर्णायक ठरू शकते. लष्करप्रमुखाला तीन वर्षे किंवा वयाची ६२ वर्षे, यांपैकी जे आधी येईल तेवढाच काळ मिळतो. पुण्याचे मनोज नरवणे डिसेंबर २०१९ मध्ये लष्करप्रमुख झाले आणि वयोमर्यादेमुळे एप्रिल २०२२ मध्ये निवृत्त झाले. त्यांच्यानंतर नागपूरचे मनोज पांडे आले. बॉम्बे सॅपर्सचे पांडे हे या पदावर पोचलेले अभियंता दलाचे पहिले अधिकारी.

लष्करप्रमुखाची निवड सरकार करते. सर्वांत ज्येष्ठ अधिकाऱ्याला नेमण्याचा प्रघात असला, तरी तो नियम नाही. वैद्यांच्या वेळी लेफ्टनंट जनरल एस. के. सिन्हा ज्येष्ठ होते. त्यांनी राजीनामा दिला. २०१६ मध्ये बिपिन रावत यांची नेमणूक दोन ज्येष्ठांना मागे ठेवून झाली. कोल्हापूरकडच्या लेफ्टनंट जनरल एस. पी. पी. थोरातांची गोष्ट महाराष्ट्राने विसरू नये. ब्रह्मदेशातील कांगाच्या लढाईत डीएसओ हे ब्रिटिश पदक मिळवलेले थोरात पूर्व विभागाचे प्रमुख असताना १९६० मध्ये त्यांनी लखनौला ‘लाल किल्ला’ हा सराव घेतला आणि चीन ईशान्य सीमेवर कसा हल्ला करील, हे मांडून दाखवले. तेव्हाचे लष्करप्रमुख जनरल थिमय्यांनी आपल्यामागे त्यांची शिफारस केली होती, परंतु १९६१ मध्ये लष्करप्रमुखपद पी. एन. थापर यांना मिळाले आणि थोरात निवृत्त झाले. पुढच्याच वर्षी चीनचा हल्ला बराचसा त्यांनी रेखाटलेल्या वाटांनी आला.

स्त्रियांना वैद्यकीय सेवांबाहेर अधिकारी म्हणून प्रवेश १९९२ पासून मिळाला, तोही मर्यादित मुदतीचा. १७ फेब्रुवारी २०२० च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निकालाने त्यांना कायम कमिशन आणि कमानीची वाट खुली झाली. २०२२ मध्ये खडकवासल्यात मुलींची पहिली तुकडी दाखल झाली.

१ ऑगस्ट २०२३ पासून ब्रिगेडियर आणि त्यावरच्या अधिकाऱ्यांचा गणवेश एकसारखा करण्यात आला. रेजिमेंटची टोपी आणि खांद्यावरची दोरी त्यांनी उतरवली. तरीही ज्या रेजिमेंटमध्ये तरुणपणी पहिले तारे लागले, तिचा मानद कर्नल म्हणून जनरल तिच्या समारंभांना आणि जवानांच्या सुखदुःखाला जात राहतो.