इरईचा ओरखडलेला दगड आणि मागे सरकणारं गोमुख

गोमुख, म्हणजे गंगोत्री हिमनदीचं मुख, आणखी मागे गेलं, अशी बातमी दर उन्हाळ्यात एकदा तरी येते. चंद्रपूर जिल्ह्यातल्या आमच्या गावात ती मोबाईलवर वाचली जाते आणि तिथंच राहते. त्यात कुणाचा दोष नाही. वर्धा, वैनगंगा, पैनगंगा या आमच्या नद्या पावसावर जगणाऱ्या. बर्फाचं पाणी त्यांना ठाऊकच नाही. गंगेशी आमचं नातं म्हणजे चारधामहून आणलेला, देव्हाऱ्यात ठेवलेला सीलबंद गडू. पण हिमनद्यांच्या गोष्टीतला फार जुना आणि फार महत्त्वाचा भाग आमच्याच जमिनीत आहे. मला तो चाळिशी उलटल्यावर कळला आणि तेव्हापासून गोमुखाची बातमी मला परकी वाटत नाही.

सुरुवात ओडिशातल्या तालचेरपासून करावी लागते. कोळसा शोधायला निघालेल्या भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाच्या तिघांनी, विल्यम आणि हेन्री ब्लॅनफर्ड हे भाऊ आणि विल्यम थिओबाल्ड यांनी, १८५६ मध्ये तिथल्या खडकांचं वर्णन छापलं. कोळशाच्या थरांखाली त्यांना एक विचित्र थर दिसला होता. हिरवट, पिठासारख्या बारीक गाळात मोठाले गोटे रुतलेले. ज्याने नदीचा पूर पाहिला आहे त्याला यातली अडचण लगेच कळेल. एवढाले दगड लोटत आणणारा पूर बारीक गाळ जागेवर राहू देत नाही आणि जिथं बारीक गाळ बसतो तिथल्या संथ पाण्यात दगड हलत नाहीत. दोन्ही एकत्र आणून टाकणारं म्हणून त्यांना सुचलं ते बर्फ. हिंदुस्थानच्या उन्हात, समुद्रसपाटीपासून फारशा उंच नसलेल्या जागी बर्फ होता असं लिहायला त्या काळी धाडस लागलं असणार.

पक्का पुरावा मिळाला तो आमच्याकडे. याच सर्वेक्षणातल्या फ्रान्सिस फेडन यांना चांद्यापासून, म्हणजे आजच्या चंद्रपूरपासून, सुमारे दहा मैलांवर, पैनगंगेच्या खोऱ्यात, इरई गावाजवळ तोच गोट्यांचा थर सापडला. १८७५ मध्ये त्यांचा लेख छापून आला. इथले गोटे घासून गुळगुळीत झालेले आणि ओरखडलेले होतेच, पण त्यांच्या खालचा चुनखडीचा मूळ खडकही घासलेला होता. त्यावर लांबच लांब समांतर रेषा होत्या. सुटा दगड कुठूनही वाहत येऊ शकतो. खालचा खडक मात्र जिथल्या तिथं असतो. तो घासला गेला, म्हणजे बर्फ इथूनच, याच जमिनीवरून सरकत गेला होता. तळाशी दगडगोटे धरून सरकणारी हिमनदी कानशीसारखी जमीन खरवडत जाते.

हे घडलं सुमारे ३० कोटी वर्षांपूर्वी. तेव्हा आपली भूमी आजच्या जागी नव्हती. आफ्रिका, दक्षिण अमेरिका, ऑस्ट्रेलिया आणि अंटार्क्टिका यांना जोडून ती दक्षिण ध्रुवाच्या बाजूला होती. त्या जोडखंडाचं नाव गोंडवन. हे नाव गोंडांच्या या मुलखावरून आलं. सर्वेक्षणातल्या हेन्री मेडलिकॉट यांनी ते खडकांसाठी वापरलं आणि ऑस्ट्रियाचे भूवैज्ञानिक एडुअर्ड स्यूस यांनी १८८५ मध्ये अख्ख्या प्राचीन खंडाला दिलं. जगभरच्या भूगोलाच्या पुस्तकांत हा शब्द आहे. चांद्याच्या किल्ल्याच्या सावलीत राहणाऱ्या पोरांना तो आपला आहे हे माहीत असायला हवं.

आता १८५६ या सालाकडे पुन्हा वळतो, कारण तालचेरच्या बर्फाविषयी छापून आलं त्याच वर्षी अमेरिकेत युनिस फूट या बाईंनी एक साधा प्रयोग जाहीर केला. काचेच्या नळकांड्यांत वेगवेगळे वायू भरून त्यांनी ते उन्हात ठेवले. कार्बन डायऑक्साइडची नळी सगळ्यांत जास्त तापली आणि निवायलाही जास्त वेळ लागला. अशा वायूचं वातावरण असलं तर पृथ्वी अधिक उष्ण राहील, असं त्यांनी लिहून ठेवलं. तीन वर्षांनी जॉन टिंडल यांनी हे वायू उष्णता कशी अडवतात ते मोजून दाखवलं. टिंडल हे आल्प्समधल्या हिमनद्यांवर वर्षानुवर्षं चढणारे अभ्यासक होते, हा योगायोग नव्हता. लुई आगासी यांनी १८३७ मध्ये स्वित्झर्लंडमध्ये हिमयुगाची कल्पना मांडल्यापासून एक प्रश्न सगळ्यांना छळत होता: एवढा बर्फ आला कसा आणि गेला कसा? याच प्रश्नाचं उत्तर शोधताना स्वीडनचे शास्त्रज्ञ स्वांते अऱ्हेनियस यांनी १८९६ मध्ये हिशेब मांडला, की हवेतला कार्बन डायऑक्साइड दुप्पट झाला तर पृथ्वी पाच-सहा अंशांनी तापेल. आजचे अंदाज त्याहून कमी आहेत, पण दिशा तीच. म्हणजे हवामानबदलाचं शास्त्र आंदोलनांतून किंवा परिषदांतून आलेलं नाही. ते दगडावरच्या ओरखड्यांचं कोडं सोडवताना आलं.

इरईचा बर्फ वितळला, त्याला लाखो वर्षं लागली. ओल्या, थंड सखल भागात दलदली झाल्या, ग्लॉसॉप्टेरिस नावाच्या जिभेसारख्या पानांच्या झाडांची रानं माजली. ती गाळात गाडली गेली, दबली, काळी झाली. वर्धा खोऱ्यातला कोळसा तो हाच. घुग्घुस, बल्लारपूर, माजरी, जिथं बघाल तिथं. खाणीतल्या शेलच्या, म्हणजे चिखल दबून झालेल्या थराथरांच्या खडकाच्या, तुकड्यावर त्या पानाचा ठसा कधीकधी शिरांसकट स्पष्ट दिसतो. हिमनदीच्या थरावर कोळशाचा थर, असा हा क्रम आहे. त्या झाडांनी हवेतून घेतलेला कार्बन आमच्या पायाखाली कोट्यवधी वर्षं बंद होता.

तो उघडायला सुरुवात झाली १८७० च्या दशकात, वरोऱ्याच्या सरकारी खाणीपासून. फेडन इरईला ओरखडे पाहत होते ते हेच दशक. पुढे खाणी वाढल्या, १९८० च्या दशकात चंद्रपूरचं महाऔष्णिक केंद्र उभं राहिलं. आज त्याची क्षमता २,९२० मेगावॉट आहे. कोळशाच्या एका युनिट विजेमागे साधारण एक किलो कार्बन डायऑक्साइड हवेत जातो. हा वायू चंद्रपूरवर राहत नाही, साऱ्या पृथ्वीभर मिसळतो. आणि कोळशाइतकंच लक्ष चुनखडीकडेही द्यायला हवं. कोरपना-गडचांदूरकडची चुनखडी सिमेंटच्या भट्ट्यांत जाते. चुनखडी भाजली की तिच्यात दगड होऊन बसलेला कार्बन डायऑक्साइड सुटतो. भट्टीत जळणाऱ्या इंधनाचा धूर वेगळाच.

हे लिहिताना खाणीत पाळीवर जाणाऱ्या माणसाला दोष द्यायचा माझा अजिबात हेतू नाही. कास्तकारी तोट्यात गेली तेव्हा कित्येक घरांची चूल या कोळशानेच पेटती ठेवली. वीज मुंबई-पुण्याला गेली, राख आणि ओव्हरबर्डनचे, म्हणजे कोळशावरून उपसलेल्या माती-दगडांचे, डोंगर इथं राहिले, हेही खरं. पण कोळसा जिथून निघतो त्या गावाला तो कुठं जातो आणि काय करतो याची पूर्ण गोष्ट ठाऊक असण्याचा हक्क सगळ्यांत आधी आहे.

काय करतो, ते हिमालयात मोजलं गेलं आहे. हवेतला कार्बन डायऑक्साइड औद्योगिक काळापूर्वी दशलक्ष भागांत सुमारे २८० भाग होता. १९५८ मध्ये हवाईच्या मौना लोआवर रोजची मोजणी सुरू झाली तेव्हा ३१५ च्या आसपास होता. आता ४२० च्या पुढे आहे. भारतीय हिमालयात भूवैज्ञानिक सर्वेक्षणाच्या नोंदीनुसार ९,५७५ हिमनद्या आहेत. त्यांतली सुमारे ३० किलोमीटर लांबीची गंगोत्री सगळ्यांना माहीत. भूवैज्ञानिक ऑडन यांनी १९३५ मध्ये तिच्या मुखाचा नकाशा केला. त्या रेषेपासून ती आजवर दीड किलोमीटरहून अधिक मागे गेली आहे.

मध्ये एक गोंधळ झाला, तो लपवू नये. हिमालयातल्या हिमनद्या २०३५ पर्यंत नाहीशा होतील, असं विधान संयुक्त राष्ट्रांच्या हवामान समितीच्या २००७ च्या अहवालात शिरलं. ते चूक होतं आणि २०१० मध्ये समितीने तसं कबूल केलं. त्या एका चुकीचा आधार घेऊन 'हे सगळंच थोतांड' म्हणणारे आजही भेटतात. त्यानंतरची मोजणी मात्र जास्त काटेकोर आहे. १९७० च्या दशकातल्या अमेरिकी हेरगिरी उपग्रहांची गुप्त छायाचित्रं खुली झाली, ती नव्या उपग्रहांच्या मोजणीशी ताडून पाहिली गेली. २०१९ मध्ये निष्कर्ष आला: २००० नंतर हिमालयातला बर्फ घटण्याचा वेग त्याआधीच्या पंचवीस वर्षांच्या दुप्पट आहे. काठमांडूच्या आंतरराष्ट्रीय पर्वतीय विकास केंद्राने त्याच वर्षी सांगितलं, की तापमानवाढ दीड अंशावर थांबली तरी या शतकाअखेर हिंदुकुश-हिमालयातला एक तृतीयांश बर्फ जाईल. मागे हटणाऱ्या हिमनद्या मागे तळी ठेवून जातात. २०१३ मध्ये केदारनाथच्या वर चोराबारीचं तळं फुटलं, २०२३ मध्ये सिक्कीममध्ये दक्षिण ल्होनक.

आमच्याकडे तीच उष्णता वेगळ्या वेशात येते. ब्रह्मपुरी आणि चंद्रपूर ही नावं मे अखेरचा नवतपा लागायच्या आधीच देशातल्या सर्वांत तापलेल्या गावांच्या यादीत असतात. हवा एक अंशाने तापली की ती सुमारे सात टक्के जास्त बाष्प धरते, मग पडतो तो पाऊस एकदम पडतो. १९५० ते २०१५ या काळात मध्य भारतात दूरवर पसरलेल्या अतिवृष्टीच्या घटना तिप्पट झाल्या. पेरणी झाल्यावर वीस दिवस ओढ आणि मग एका रात्रीत सोयाबीन पाण्याखाली, हे आम्ही आकडा कळण्याआधी पाहिलं आहे.

हिमनदी मागे सरकली की तिच्या पोटाखालचा खडक पहिल्यांदा ऊन पाहतो. घासून चकचकीत झालेला, आणि त्यावर बर्फ ज्या दिशेने गेला त्या दिशेच्या समांतर रेषा. इरईच्या चुनखडीवर फेडनना दिसल्या तशाच.