प्रवासवर्णनाच्या कपाटाबाहेरची पुस्तकं

मराठीत बायकांनी प्रवासवर्णनं लिहायला घेतली ती अलीकडे, साधारण परदेशवाऱ्या स्वस्त झाल्यावर, असा एक समज आहे. तो टिकून राहिला याचं कारण आपल्याकडे पुस्तकांची वर्गवारी कशी झाली, यात सापडतं.

पंडिता रमाबाई 1883 साली विलायतेला गेल्या. त्या बोटप्रवासाबद्दल त्यांनी मुंबईतल्या एका स्नेह्यांना लांबलचक पत्र लिहिलं आणि ते त्याच वर्षी पुस्तकरूपाने छापलं गेलं. 1886 मध्ये त्या अमेरिकेला गेल्या त्या आनंदीबाई जोशींच्या पदवीदान समारंभासाठी, आणि राहिल्या जवळजवळ तीन वर्षं. तिथे असताना 1887 साली त्यांनी अमेरिकन वाचकांसाठी उच्चवर्णीय हिंदू स्त्रीच्या स्थितीवर इंग्रजी पुस्तक लिहिलं. परत आल्यावर 1889 मध्ये मराठी वाचकांसाठी लिहिलं ते अमेरिकनांबद्दल. त्यात बोटप्रवास आहे, नायगारा आहे. पण बहुतेक पानं राज्यव्यवस्था, शाळा, स्त्रियांच्या संघटना, काळ्या लोकांना मिळणारी वागणूक आणि मूळ रहिवाशांवर झालेला अन्याय यांवर खर्च झाली आहेत. पुस्तकाच्या नावातसुद्धा ‘लोकस्थिती’ आधी येते, ‘प्रवासवृत्त’ नंतर. पुढे 1893 मध्ये रमाबाईंनी विधवांसाठी काढलेल्या शारदा सदन या शाळेतल्या धर्मांतरांवरून वाद पेटला, सल्लागार मंडळातली पुण्याची मोठी माणसं बाहेर पडली, आणि ख्रिस्ती बाईचं अमेरिकेवरचं पुस्तक मराठी घरांतून मागे पडलं. इंग्रजीत ते आलं थेट 2003 साली.

खरा गुंता मात्र त्यानंतरच्या पुस्तकाचा आहे, आणि त्यावर फारसं कुणी बोलत नाही. पार्वतीबाई आठवले या 1870 साली जन्मलेल्या, देवरूखच्या. ऐन तारुण्यात वैधव्य, पदरी एक मुलगा. हिंगण्याच्या, कर्व्यांनी विधवांसाठी काढलेल्या आश्रमासाठी गावोगाव वर्गणी गोळा करण्यात त्यांची उमर गेली. 1918 मध्ये, अठ्ठेचाळिसाव्या वर्षी, त्या एकट्या अमेरिकेला निघाल्या. इंग्रजी शिकायचं आणि जमेल तसा आश्रमासाठी पैसा उभा करायचा, एवढाच बेत. भाषा जेमतेम, ओळखीपाळखी नाहीत, मांसाहार वर्ज्य. मग पोटासाठी लोकांच्या घरी मोलकरणीचं काम धरलं. भांडी घासायची, केर काढायचा, आणि मालकिणीच्या बोलण्यातून जमेल तेवढं इंग्रजी उचलायचं. अमेरिकेचं असं दर्शन तोवर मराठीत कुणी घडवलं नव्हतं. व्याख्यानाला बोलावलेला पाहुणा दिवाणखान्यात बसतो. पार्वतीबाईंना घर दिसलं ते मोरीच्या बाजूने.

1920 मध्ये त्या परतल्या आणि 1928 साली त्यांचं ‘माझी कहाणी’ प्रसिद्ध झालं. दोनच वर्षांत एका निवृत्त अमेरिकन मिशनऱ्याने त्याचं इंग्रजी भाषांतर केलं आणि उपशीर्षक दिलं ‘एका हिंदू विधवेचं आत्मचरित्र’. माझ्या मते वर्गवारीचा निकाल तिथेच लागला. मूळ नाव मोकळं होतं. कहाणी घराचीही असते, वाटेचीही असते. उपशीर्षकाने तिचा मुक्काम वैधव्यापाशी ठरवून टाकला. मराठी अभ्यासकांनीही हे पुस्तक विधवांच्या आणि सुधारकांच्या घरातल्या स्त्रियांच्या आत्मकथनांमध्येच बसवलं, रमाबाई रानडे आणि लक्ष्मीबाई टिळक यांच्या शेजारी. ते चूक म्हणता येणार नाही. केशवपन, आश्रम, वर्गणी हा पुस्तकाचा कणा आहेच, आणि अमेरिका हा त्यातला एक भाग. पण याच न्यायाने पंडिता रमाबाईंचं पुस्तक समाजशास्त्रात गेलं, पार्वतीबाईंचं आत्मचरित्रात गेलं, आणि प्रवासवर्णनाच्या इतिहासात 1889 नंतर बायकांच्या नावाने मोठी पोकळी दिसू लागली. पुरुषाने तिकीट काढून चार देश बघितले की प्रवासवर्णन, आणि बाईने तिथे दोन वर्षं भांडी घासली की आत्मचरित्र, हा हिशेब जरा विचित्रच.

इरावती कर्वे यांचंही तसंच झालं. बर्लिनहून डॉक्टरेट घेऊन आलेल्या या मानववंशशास्त्रज्ञ बाई दिंडीबरोबर पायी पंढरपूरला गेल्या. त्यावरचा ‘वाटचाल’ हा लेख 1949 च्या ‘परिपूर्ती’ या संग्रहात आहे. एकाच दिंडीत चालणारे, एकच अभंग म्हणणारे ब्राह्मण आणि मराठे जेवायला वेगळ्या पंगतींत बसतात, हे त्यांनी पाहिलं, त्यांना ते खुपलं आणि त्यांनी ते लिहिलं. चाल, मुक्काम, सोबती, सगळं त्यात आहे. तरी तो शिकवला जातो ललितनिबंध म्हणून. वारली पाड्यांवर काढलेल्या वर्षांची हकीकत सांगणारं गोदावरी परुळेकर यांचं ‘जेव्हा माणूस जागा होतो’ हे 1970 चं आणि पुढे साहित्य अकादमी मिळालेलं पुस्तक चळवळीच्या इतिहासात जमा झालं.

मधल्या काळात प्रवासवर्णनाचा नमुना ठरला तो 1960 च्या आसपासच्या विनोदी, गप्पिष्ट पुस्तकांनी. त्यांत बायको सोबत असते, पण बहुधा पात्र म्हणून.

वातावरण पालटलं ते नव्वदच्या दशकात. लंडनमध्ये स्थायिक झालेल्या एका मराठी डॉक्टर बाईंनी आधी आपल्या शहरावर जाडजूड पुस्तक लिहिलं, मग दक्षिण अमेरिका, मेक्सिको, चीन, ग्रीस, इजिप्त, तुर्कस्तान, इराण, रोम, तिबेट असा सपाटा लावला. बराचसा प्रवास एकटीचा. देशाचा इतिहास आणि मुक्कामातल्या अडचणी एकाच दमात सांगायची त्यांची रीत वाचकांना भावली. इथून पुढे प्रकाशकांनी बाईचं प्रवासवर्णन बिनदिक्कत त्याच नावाने छापलं.

त्यानंतर पूर आला. दिवाळी अंकांत प्रवासाचे विभाग वाढले, फक्त बायकांच्या सहली निघू लागल्या, त्यांतून परतलेल्यांनी लिहिलं. आणि एक खास आपला प्रकार रुजला: मुलीच्या किंवा सुनेच्या बाळंतपणासाठी अमेरिकेला गेलेल्या आजीचं पुस्तक. व्हिसा साधारण सहा महिने राहू देतो, तेवढ्यात ग्रँड कॅन्यन होतो, नायगारा होतो, आणि उरलेला वेळ नातवाला मांडीवर घेऊन खिडकीतून बर्फ बघण्यात जातो. समीक्षक या पुस्तकांना नाकं मुरडतात, आणि बरीचशी पुस्तकं आहेतही तशीच, स्थळदर्शनाची जंत्री. पण डिशवॉशर, शेजारणीचं न येणं, भाजीसाठीही गाडी लागणं आणि ती चालवता येत नसल्याने अडकून पडणं, या जागा आल्या की लिखाण जिवंत होतं. कारण तिथे लेखिका पाहुणी नसते. पार्वतीबाईंसारखीच कामाच्या बाजूने घरात शिरलेली असते.

दुसऱ्या टोकाला नर्मदा परिक्रमा. पुरुषांची परिक्रमा-पुस्तकं तुफान खपली, तशी बायकांचीही आली. नाशिकच्या एका बाईंनी ती पायी केली, त्यावर पुस्तक लिहिलं आणि नंतर नदीकाठच्या मुलांसाठी मध्य प्रदेशातच शाळा सुरू करून तिथल्याच होऊन गेल्या. नदीकाठची गावं, अनोळखी घरांत मिळणारा आसरा, शूलपाणीच्या झाडीतलं लुटीचं भय, हा परिक्रमेच्या पुस्तकांतला नेहमीचा ऐवज. दुकानात मात्र ही पुस्तकं शोधायची तर अध्यात्माच्या फळीवर, पोथ्यांच्या शेजारी हात घालावा लागतो.