सौभ आणि द्वारका : आकाशातल्या लढाईची पार्श्वभूमी

शाल्व राजाने आकाशात तरंगणाऱ्या आपल्या सौभातून द्वारकेवर केलेल्या हल्ल्याचा विषय निघाला की हल्ली बोलणे लगेच यंत्रावर येते. ते कशावर चालायचे, किती वेगाने जायचे, दिसेनासे कसे व्हायचे. मूळ कथेत काय लिहिले आहे ते मात्र कुणी फारसे उघडून पाहत नाही.

महाभारताच्या वनपर्वात ही कथा खुद्द कृष्ण सांगतो, आणि तीही एक खुलासा म्हणून. द्यूत झाले तेव्हा आपण हस्तिनापुरात का नव्हतो, हे त्याला पांडवांना सांगायचे आहे. शिशुपालवधाचा सूड घ्यायला शाल्व द्वारकेवर चालून गेला, तेव्हा कृष्ण इंद्रप्रस्थात होता. नगरीने वेढ्याची तयारी कशी केली, ते वाचण्यासारखे आहे. पूल तोडले, नावा अडवल्या, खंदकांत खुंट रोवले. मद्यपान बंद केले. नट, नर्तक, गायक यांना गावाबाहेर काढले. सैनिकांचे वेतन चुकते केले. मुद्रा दाखवल्याशिवाय कुणाला बाहेर सोडत नव्हते आणि आतही घेत नव्हते. आकाशातून येणाऱ्या शत्रूसमोर एक शहर जमिनीवर जे जे करू शकते, ते सगळे इथे आहे.

कृष्णाची स्वतःची लढाई नंतर झाली, द्वारकेपासून दूर, समुद्रावर. तिथली अडचण साधी होती. सौभ कोसभर उंचीवर तरंगत होते आणि यादवसेनेचे बाण तिथवर पोचत नव्हते. मग शाल्वाची माया सुरू होते. सौभातून वसुदेव खाली कोसळताना दिसतो, पागोटे सुटलेले, वस्त्रे आणि केस विस्कटलेले. ते पाहून कृष्णाच्या हातून शार्ङ्ग धनुष्य गळून पडते. देवाच्या हातून शस्त्र सुटल्याची कबुली देव स्वतःच देतो आहे. मला हा सगळ्या उपाख्यानाचा गाभा वाटतो. शेवटी सुदर्शन सौभाला मधोमध चिरते, करवतीने उंच लाकूड कापावे तसे, आणि शंकराच्या बाणाने त्रिपुर पडले तसे ते पडते.

भागवताच्या दशम स्कंधात हीच लढाई सत्तावीस दिवस चालते. सौभ मयासुराने लोखंडाचे घडवलेले आहे, आणि ते कधी जमिनीवर, कधी आकाशात, कधी डोंगरमाथ्यावर, कधी पाण्यात दिसते, कोलीत गरगर फिरवावे तसे. वरून शिळा, झाडे, साप कोसळतात. इथे सौभ फुटते ते चक्राने नव्हे, गदेच्या घावाने.

आता खरा गुंता. महाभारत सौभाला ‘पुर’ म्हणते, ‘नगर’ म्हणते. शाल्व आपले शहरच घेऊन आकाशात उभा आहे, अशी ती कल्पना आहे. भागवतात त्याच वस्तूला ‘विमान’ हा शब्दही येतो, आणि मराठी वाचकाची वाट तिथेच चुकते. ‘विमान’मधला धातू ‘मा’, म्हणजे मोजणे. चरकसंहितेतले विमानस्थान उडण्याबद्दल नाही, दोष, रस, औषधे यांच्या मानाबद्दल आहे. मापून बांधलेली वास्तू म्हणून सात मजली प्रासादालाही विमान म्हणत. दक्षिणेत देवळाच्या गाभाऱ्यावर चढत जाणारी रचना म्हणजे विमान. तंजावरचे सुमारे साठ मीटर उंच आहे, आणि वेरूळच्या कैलासाच्या शिखराबद्दल लिहितानाही स्थापत्याचे अभ्यासक हाच शब्द वापरतात. देवांचे वाहन हा अर्थही जुनाच आहे. पुष्पक आहे, आणि तुकोबांच्या वैकुंठगमनाच्या चित्रांतले पंख पसरलेले गरुडाकृती विमान तर मराठी घरांतून भिंतीवर टांगलेले असते. पण पुष्पक काय, हे काय, दोन्ही डोळ्यांसमोर आणली तर महाल, रथ किंवा पक्षी दिसतो. विसाव्या शतकात हाच शब्द पंख्याच्या, इंजिनाच्या यंत्राला मिळाला, विमानतळ झाले, आणि मग नवा अर्थ उलटा जुन्या श्लोकांत शिरला. ‘शाल्वाचे विमान’ एवढे म्हटले की धावपट्टी दिसू लागते. शब्द तोच राहिला म्हणून वस्तूही तीच होती, असे होत नाही.

पुढचे सगळे या घसरणीवर उभे आहे. १८९५ साली मुंबईच्या चौपाटीवर एका संस्कृतज्ञ गृहस्थांनी प्राचीन ग्रंथांच्या आधारे माणसाशिवाय यंत्र उडवले, असे सांगितले जाते. म्हणजे अमेरिकेतल्या १९०३ च्या उड्डाणाआधी आठ वर्षे. त्याचा ठोस समकालीन पुरावा पुढे आलेला नाही. त्या गृहस्थांची धडपड खोटी होती असे मी म्हणणार नाही, पण धडपड आणि उड्डाण यांत अंतर असते. नंतर १९१८ ते १९२३ या काळात दक्षिणेतल्या एका पंडितांनी विमानविद्येवरचा संस्कृत ग्रंथ तोंडी सांगून लिहून घेतला. तो एका प्राचीन ऋषींचा म्हणून पुढे आला, बेंगळुरूच्या एका आरेखकाने त्याची चित्रे काढली, आणि त्यात शकुन, सुंदर, रुक्म, त्रिपुर अशी नावे पडली. १९७४ मध्ये बेंगळुरूच्याच पाच अभियंत्यांनी तो ग्रंथ ओळ न् ओळ तपासला. हा ग्रंथ १९०४ च्या आधीचा असू शकत नाही, आणि त्यात वर्णिलेले एकही यंत्र उडू शकणार नाही, असा त्यांचा निष्कर्ष होता. त्यांनी आधी भाषा आणि छंद पाहिले, मग वजन आणि उचल. हे काम आजही आदर्श वाटावे असे आहे.

तरी जानेवारी २०१५ मध्ये मुंबईतल्या मोठ्या विज्ञान अधिवेशनात प्राचीन विमानविद्येवर निबंध वाचला गेला आणि जगभर बातम्या झाल्या. तेव्हापासून सौभाचा उल्लेखही बहुधा त्याच वादाच्या एका बाजूने किंवा दुसऱ्या बाजूने होतो.

मूळ उपाख्यान पुण्यात सिद्ध झालेल्या महाभारताच्या चिकित्सित, म्हणजे हस्तलिखिते ताडून ठरवलेल्या, आवृत्तीत आरण्यकपर्वाच्या (म्हणजेच वनपर्वाच्या) १५ ते २३ या अध्यायांत आहे. नऊच अध्याय आहेत, एका बैठकीत वाचून होतात.