फाल्कोनेत्ती, रने
फाल्कोनेत्ती, रने : (२१ जुलै १८९२ – १२ डिसेंबर १९४६). फ्रेंच अभिनेत्री. पूर्ण नाव रने जान फाल्कोनेत्ती. काही जुन्या लेखनात ‘मारिया’ असेही नाव आढळते. जन्म पॅरिसलगतच्या पाँतँ येथे. पेशाने ती रंगभूमीवरची नटी. चित्रपटांत ती जेमतेम तीनदा दिसली आणि त्यांतल्या शेवटच्या, १९२८ च्या ‘द पॅशन ऑफ जोन ऑफ आर्क’ या मूकपटातील, इंग्रजांविरुद्ध लढलेल्या पंधराव्या शतकातील फ्रेंच वीरकन्या जोनच्या भूमिकेने तिचे नाव टिकले. ‘तिने आयुष्यात एकच चित्रपट केला’ हे वाक्य सर्रास लिहिले जाते, ते चूक आहे. १९१७ मध्ये ती दोन फ्रेंच मूकपटांत दिसली होती. मात्र त्यांची फारशी दखल घेतली गेली नाही.

पॅरिसमध्ये तिचा बोलबाला होता तो हलक्याफुलक्या, चटकदार नाटकांसाठी. १९२४ मध्ये कॉमेदी-फ्रान्सेझ या मानाच्या नाट्यसंस्थेत ती दाखल झाली, पण तेथे फार काळ रमली नाही. डॅनिश दिग्दर्शक कार्ल थेओडोर ड्रेयर याने तिला पाहिले तेही अशाच एका खेळात, नव्या फॅशनच्या आधुनिक बाईच्या भूमिकेत. संत जोनसाठी अशी नटी निवडणे धाडसाचेच म्हणायचे. रंगभूषा पुसून तिची चाचणी घेतली, तेव्हा खेड्यातली, साधी, सोसलेली बाई आपल्याला त्या चेहऱ्यात सापडली, असे ड्रेयरने पुढे सांगितले. एकोणीस वर्षांच्या जोनची भूमिका करताना फाल्कोनेत्ती पस्तिशीची होती.

चित्रीकरण १९२७ मध्ये पॅरिस परिसरात झाले. जोनवर १४३१ मध्ये चाललेल्या खटल्याच्या नोंदींवर पटकथा बेतली होती आणि प्रसंग कथेच्या क्रमानेच चित्रित केले गेले. रंगभूषा कोणालाच नव्हती. छायाचित्रकार रुडोल्फ माते याने पँक्रोमॅटिक (सर्व रंगांचा प्रकाश टिपणारी) फिल्म वापरल्यामुळे त्वचेवरचे बारकावे, फुटलेले ओठ, पापणीवर अडलेले पाणी जसेच्या तसे पडद्यावर उतरते. न्यायाधीशांचे चेहरे खालून टिपण्यासाठी ड्रेयरने सेटवर इतके खड्डे खणले की सहकाऱ्यांनी त्याला भोकाभोकांच्या ‘ग्र्युयेर’ चीजवरून टोपणनाव दिले. दिवसभरात चित्रित झालेले तुकडे तो फाल्कोनेत्तीसोबत बसून पाही. त्यात एखादा क्षण खरा उतरलेला दिसला की बाकीचे बाजूला सारून तेवढाच धागा धरून प्रसंग पुन्हा घेतला जाई. चित्रीकरणात ड्रेयरने तिचा छळ केल्याच्या ज्या कथा सांगितल्या जातात, त्यांच्यापेक्षा ही कामाची पद्धत त्या अभिनयाबद्दल अधिक काही सांगून जाते.

केस कापण्याचा प्रसंग खरा आहे. कात्री तिच्याच केसांवर चालली. शिपायांनी थट्टेने डोक्यावर चढवलेला गवताचा मुकुट आणि कापलेले केस कैदखान्यातला माणूस झाडूने एकत्र लोटत असतो. जोनची नजर त्या कचऱ्यावर पडते आणि ती आधी सही करून दिलेला कबुलीजबाब मागे घेण्यासाठी न्यायाधीशांना परत बोलावते. मूकपटात एवढा मोठा निर्णय एका नजरेवर तोललेला क्वचितच दिसेल.

या भूमिकेने ती मोडून पडली आणि चित्रपटाला कायमची पारखी झाली, ही दंतकथा रंजक असली तरी तिचे खरे क्षेत्र नाटकच होते आणि ती तिकडेच परतली. पॅरिसमध्ये तिने एक नाट्यगृह चालवायला घेतले व त्यात बराच पैसा गमावला. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात ती फ्रान्स सोडून स्वित्झर्लंडला व तेथून दक्षिण अमेरिकेत गेली. ब्वेनोस आइरेस येथे तिचे निधन झाले.

तिच्या हयातीतच मूळ चित्रपट नाहीसा झाला होता. पॅरिसमध्ये तो सेन्सॉर व चर्चच्या आक्षेपांमुळे काटछाट होऊन लागला. इंग्रज शिपायांच्या चित्रणावरून ब्रिटनमध्ये त्यावर बंदी आली. डिसेंबर १९२८ मध्ये बर्लिन येथील आगीत मूळ निगेटिव्ह जळाली. ड्रेयरने न वापरलेल्या तुकड्यांतून दुसरी आवृत्ती जुळवली, तिचीही निगेटिव्ह पुढल्या वर्षी आगीत सापडली. त्यानंतर अनेक दशके प्रेक्षकांनी फाल्कोनेत्तीला पाहिले ते अशा जोडकामांतून. कोपनहेगनमध्ये एप्रिल १९२८ ला प्रथम दाखवलेल्या आवृत्तीची प्रत १९८१ मध्ये मिळाली ती नॉर्वेत, ऑस्लोजवळच्या डिकेमार्क मनोरुग्णालयातील एका कपाटात.