रिमांड होम

रिमांड होम : बालकाविषयी न्यायालयाचा किंवा समितीचा अंतिम आदेश होईपर्यंत त्याला तात्पुरते ठेवून घेणारी संस्था. आजच्या कायद्यात हे नाव आढळत नाही. १९८६ च्या बालन्याय अधिनियमाने ‘निरीक्षणगृह’ ही संज्ञा देशभर लागू केली आणि २००० च्या अधिनियमाने तिच्या जोडीला ‘बालगृह’ ही स्वतंत्र संज्ञा दिली. परंतु बोलण्यात, वर्तमानपत्रांच्या मथळ्यांत आणि रिक्षावाल्याला पत्ता सांगताना अजूनही ‘रिमांड होम’च चालते. ‘रिमांडला टाकीन’ ही धमकी ऐकली नाही असे घर महाराष्ट्राच्या शहरांत विरळाच. शब्दाची ही छटा परिचयाची असल्याने तिचा विस्तार येथे केलेला नाही. संस्थेची परंपरा कोठून सुरू होते आणि तिच्यावर अधिकार कोणाचा, हे दोन प्रश्न मात्र अधिक गुंतागुंतीचे आहेत.

‘रिमांड’ म्हणजे चौकशी अपुरी असताना आरोपीला पुन्हा कोठडीत पाठविणे. लहान आरोपींना तुरुंगाऐवजी अन्यत्र ठेवण्याची तरतूद इंग्लंडमध्ये १९०१ मध्ये झाली. मात्र तेथील १९०८ च्या बालक अधिनियमात अशा जागांना ‘अटकेची जागा’ याच अर्थाची संज्ञा होती आणि ‘रिमांड होम’ हे नाव तेथील कायद्याने १९३३ मध्ये स्वीकारले. हिंदुस्थानात ते त्याआधीच, बहुधा १९१९-२० च्या तुरुंग समितीच्या चर्चेतून रुळले असावे. अलेक्झांडर कार्ड्यू यांच्या अध्यक्षतेखालील या समितीने मुलांना तुरुंगात न ठेवता त्यांच्यासाठी वेगळी न्यायालये व वेगळी गृहे असावीत अशी शिफारस केली आणि तिला अनुसरून मद्रास (१९२०), बंगाल (१९२२) व मुंबई (१९२४) या प्रांतांनी आपापले बालक अधिनियम केले. मुंबईच्या अधिनियमावर इंग्लंडच्या १९०८ च्या कायद्याची छाप उघड दिसते.

संस्थेच्या पूर्वेतिहासाबाबत एकवाक्यता नाही. बालन्यायावरील अनेक पाठ्यपुस्तकांत हिंदुस्थानातील पहिली ‘रॅगेड स्कूल’ (निराधार मुलांची मोफत शाळा) लॉर्ड कॉर्नवॉलिस यांनी १८४३ मध्ये काढली असे विधान आढळते व ते एकातून दुसऱ्यात उतरत आले आहे. कॉर्नवॉलिस १८०५ मध्येच गाझीपूर येथे निवर्तले होते, एवढे नोंदवले म्हणजे या विधानाचा निकाल लागतो. मुंबईपुरते बोलायचे तर डेव्हिड ससून यांच्या नावाची औद्योगिक व सुधारगृह संस्था हा अधिक भक्कम आरंभबिंदू ठरतो. तिचे स्थापनावर्ष सामान्यतः १८५७ दिले जाते. काही लेखक मात्र डॉ. जॉर्ज बुइस्ट यांनी १८५० च्या सुमारास चालविलेल्या उद्योगशाळेशी तिचा धागा जोडून ते मागे नेतात. १८५० च्याच उमेदवारी (अप्रेंटिस) अधिनियमाने दहा ते अठरा वर्षे वयाच्या, किरकोळ गुन्ह्यात सापडलेल्या अथवा निराधार मुलांना धंदा शिकण्यासाठी बांधून देण्याची मुभा दिली होती, ही गोष्ट दुसऱ्या मताला पूरक आहे. तथापि ससून यांच्या देणगीनंतरच संस्थेला स्थैर्य आले, म्हणून येथे १८५७ हे वर्ष ग्राह्य धरले आहे.

दुसरी परंपरा सुधारगृहांची नसून आश्रयगृहांची आहे. जोतीराव व सावित्रीबाई फुले यांनी पुण्यात राहत्या घरी चालविलेल्या बालहत्या प्रतिबंधक गृहाचे वर्ष काही चरित्रलेखक व बहुतेक स्मरणलेख १८५३ असे देतात, तर अन्य अभ्यासक १८६३ देतात. समाजसुधारक बेहरामजी मलबारी यांच्या बालविवाह व सक्तीचे वैधव्य यांवरील टिपणांवर फुल्यांनी १८८४ मध्ये जो अभिप्राय लिहिला, त्यात काशीबाई या ब्राह्मण विधवेने भीतीपोटी केलेली बालहत्या व तिला झालेली काळ्या पाण्याची शिक्षा हे गृह काढण्याचे निमित्त म्हणून येते. हे प्रकरण १८६३ चे असल्याने ते वर्ष अधिक संभवनीय वाटते. त्याच अभिप्रायात त्या वेळेपर्यंत पस्तीस गरोदर विधवा या गृहात बाळंत झाल्याचे आणि त्यांच्या मुलांपैकी पाचच जिवंत राहिल्याचे नमूद आहे. पोटात असतानाच दिल्या गेलेल्या विषारी औषधांनी उरलेली दगावली, असे फुले म्हणतात. पंढरपूरचा बालकाश्रम लालशंकर उमियाशंकर यांच्या पुढाकाराने आणि प्रार्थना समाजाच्या आधाराने १८७५ मध्ये उभा राहिला. वारीच्या गावात सोडून दिलेल्या अर्भकांसाठी निघालेल्या या संस्थेला कोणत्याही दंडसंहितेचा आधार नव्हता. तिचा आधार वर्गणी हाच होता.

यांपैकी कोणती परंपरा रिमांड होमची, यावर मतभेद आहेत. कायद्याचे अभ्यासक ससून सुधारगृहाकडे बोट दाखवितात, समाजकार्याचे इतिहासकार फुले व पंढरपूर यांकडे. कायदेशीर वंशावळ निःसंशय पहिलीच आहे. परंतु जिल्ह्याजिल्ह्यांत ही गृहे ज्या रीतीने चालली (स्थानिक प्रतिष्ठितांचे मंडळ, देणगीदारांची नावे कोरलेल्या खोल्या, अपुरे सरकारी अनुदान, पोटच्या मुलांबरोबर संस्थेच्या मुलांना वाढविणाऱ्या अधीक्षिका) ती रीत दुसऱ्या परंपरेच्या अधिक जवळची आहे.

मुंबईत १९२४ च्या अधिनियमाची प्रत्यक्ष अंमलबजावणी १९२७ पासून झाली. त्याच वर्षी अशी गृहे चालविणारी चिल्ड्रन्स एड सोसायटी स्थापन झाली. राज्याचे मुख्यमंत्री तिचे पदसिद्ध अध्यक्ष असतात, यावरून ही संस्था पूर्णतः खाजगी नाही आणि पूर्णतः सरकारीही नाही हे ध्यानात यावे. तिचे डोंगरी भागातील गृह उमरखाडीच्या जुन्या तुरुंगाच्या वास्तूत आले. कोल्हापूर प्रकरणात (तेथील दिवाणांच्या बदनामीच्या खटल्यात) टिळक व आगरकर यांना १८८२ मध्ये जेथे ठेवले होते तो डोंगरीचा तुरुंग हाच, आणि तेथील एकशे एक दिवसांची हकीकत आगरकरांनी लिहून ठेवली आहे. मुलांना तुरुंगापासून दूर ठेवण्यासाठी केलेल्या कायद्याला पहिली जागा मिळाली ती तुरुंगाची, हा योगायोग पुढील काळातही पुसला गेला नाही. उंच भिंत आणि फाटकावरचा शिपाई यांमुळे शेजारच्या वस्तीला ही वास्तू तुरुंगासारखीच भासत राहिली.

१९२४ च्या व त्याची जागा घेणाऱ्या १९४८ च्या मुंबई बालक अधिनियमाखाली पाकीट मारणारा मुलगा आणि रेल्वे फलाटावर चुकलेला मुलगा या दोघांना एकाच न्यायालयापुढे उभे केले जाई आणि दोघांची रवानगी एकाच गृहात होई. भीक मागणारे, घर नसलेले, व्यसनी किंवा गुन्हेगार पालकांच्या हाती असलेले असे कोणतेही मूल पोलिसांना ताब्यात घेता येत असे. संरक्षण व अटक यांतील ही सरमिसळ १९६० च्या केंद्रीय अधिनियमाने प्रथम सोडविली, परंतु तो केंद्रशासित प्रदेशांपुरता होता. १९८६ मध्ये मुंबईच्या पत्रकार शीला बारसे यांच्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयाने तुरुंगांतील मुलांची माहिती मागविली व सर्व देशासाठी एकच कायदा असावा असे मत दिले. त्याच वर्षी संसदेने बालन्याय अधिनियम संमत केला. (पुढे चालढकलीला कंटाळून बारसे यांनी याचिका मागे घेण्याची इच्छा दर्शविली, तेव्हा प्रश्न एका व्यक्तीचा नाही असे म्हणून न्यायालयाने याचिका चालू ठेवली आणि याचिकाकर्तीचेच नाव वगळले.) १९८६ च्या अधिनियमाने उपेक्षित मुलांसाठी मंडळ व गुन्ह्यात सापडलेल्यांसाठी न्यायालय असे वेगळे केले, तरी चौकशीच्या काळात दोन्ही प्रकारची मुले निरीक्षणगृहातच राहत. ‘विधिसंघर्षग्रस्त’ (गुन्ह्याचा आरोप असलेल्या) बालकांसाठी निरीक्षणगृह आणि ‘काळजी व संरक्षणाची गरज असलेल्या’ बालकांसाठी बालगृह ही कायदेशीर विभागणी २००० मध्ये पुरी झाली. अनेक जिल्ह्यांत दोन्ही नावे एकाच फलकावर, एकाच आवारात नांदतात.

मुलाला घरातून काढण्याचा किंवा घरी पाठविण्याचा अधिकार कोणाचा, या प्रश्नावर खरे राजकारण घडते. २०१५ च्या अधिनियमानुसार हा अधिकार असलेल्या बालकल्याण समितीत अध्यक्ष व चार सदस्य असतात, त्यांपैकी किमान एक महिला असावी लागते. समितीची मुदत तीन वर्षांची, अधिकार प्रथमवर्ग न्यायदंडाधिकाऱ्यांचे, आणि तिने महिन्यात किमान वीस दिवस बसावे अशी अपेक्षा आहे. मूल ताब्यात आल्यापासून प्रवासाचा वेळ सोडून चोवीस तासांत समितीपुढे हजर करावे लागते. सदस्य बहुधा समाजकार्य, शिक्षण किंवा वकिली या क्षेत्रांतून येतात, आणि लहान जिल्ह्यात अशा व्यक्ती मोजक्याच असल्याने मुले पाठविणारा आणि मुले ठेवून घेणारा एकाच वर्तुळातला निघे. २०२१ च्या दुरुस्तीने बालसंस्थेच्या व्यवस्थापनात असलेल्या व्यक्तीला त्या जिल्ह्याच्या समितीवर मज्जाव केला, त्यामागे हेच कारण दिसते. त्याच दुरुस्तीने दत्तक आदेश न्यायालयाकडून जिल्हाधिकाऱ्यांकडे सोपविले. न्यायालयांतील प्रलंबित प्रकरणे तिकडे वर्ग करण्यास मुंबई उच्च न्यायालयाने जानेवारी २०२३ मध्ये स्थगिती दिली.

समितीचा निर्णय प्रत्यक्षात ज्या कागदावर उभा असतो तो परिवीक्षा अधिकाऱ्याचा (प्रोबेशन ऑफिसरचा) किंवा समाजकार्यकर्त्याचा सामाजिक तपासणी अहवाल होय, जो पंधरा दिवसांत द्यावयाचा असतो. गृहभेटीत खोल्या किती, कमावते कोण, शेजारी काय सांगतात, मूल शाळेत कितवीपर्यंत गेले, हे रकान्यांत भरले जाते. पत्र्याच्या एका खोलीत विधवा आई दिवसभर कामाला जाते, हे वाक्य ‘उपेक्षा’ या सदरात लिहावे की ‘दारिद्र्य’ या सदरात, हे अधिकाऱ्याच्या दृष्टीवर अवलंबून राहते आणि मुलाचा मुक्काम त्यावर ठरतो. याची दुसरी बाजूही आहे. महाराष्ट्रात पुष्कळ एकल पालक मुलांना जेवण व शिक्षण मिळावे म्हणून स्वतःहून बालगृहात ठेवीत आले. उन्हाळ्याच्या सुटीत ही मुले घरी जात आणि जूनमध्ये परत येत. मुलांच्या संख्येवर अनुदान मिळत असल्याने संस्थांचीही याला हरकत नसे. अशा मुलांना घरीच किंवा नातेवाइकांकडे ठेवून बालसंगोपन योजनेतून मदत द्यावी, हे धोरण अलीकडे पुढे आले असून तिची दरमहा रक्कम १,१०० रुपयांवरून २,२५० रुपये करण्यात आली आहे. संस्थेतील एका मुलावरील खर्चाशी ही रक्कम ताडून पाहिली असता धोरण व तरतूद यांतील अंतर लक्षात येते.

समाजकार्याचे व्यावसायिक शिक्षण या क्षेत्राच्या बरोबरीनेच वाढले. १९३६ मध्ये मुंबईत निघालेली सर दोराबजी टाटा समाजकार्य पदव्युत्तर संस्था, म्हणजे आजची टाटा समाजविज्ञान संस्था, हिच्या विद्यार्थ्यांच्या पिढ्यांनी क्षेत्रकार्य रिमांड होमांतच केले. अडचणीतील मुलांसाठीचा १०९८ हा दूरध्वनी क्रमांक १९९६ मध्ये याच संस्थेच्या प्रकल्पातून सुरू झाला. २०२३ पासून तो टप्प्याटप्प्याने शासकीय यंत्रणेकडे गेला आहे.

मुंबई इलाख्याबाहेरच्या मराठी प्रदेशांचा वृत्तान्त त्रोटक आहे. विदर्भाला मध्य प्रांताचा १९२८ चा आणि मराठवाड्याला हैदराबादचा १९५१ चा बालक अधिनियम लागू होता. गोव्यात मेरशी येथील ‘अपना घर’ हे या प्रकारचे प्रमुख गृह असून तेथे केंद्रीय कायद्याबरोबर २००३ चा गोवा बालक अधिनियमही लागू आहे.