८५ मिली म्हणजे ०.८५ लिटर नव्हे

रुपये-पैशांचा दशांश कुणाला शिकवावा लागत नाही. १९५७ साली दशमान नाणी आली, रुपयाचे शंभर पैसे झाले, आणि २ रुपये ४० पैसे म्हणजे २.४० हे सगळ्यांच्या अंगवळणी पडलं. घोटाळा होतो तो हीच सवय लिटरला लावली की. लिटरचे मिलिलिटर हजार. म्हणून पैशांना दशांशचिन्हापुढे दोन घरं पुरतात, मिलिलिटरला तीन लागतात. पाणीबचतीच्या प्रकल्पवह्यांत ही एकच चूक पुन्हा पुन्हा दिसते आणि तिच्यावर लाल शाईने 'छान' लिहिलेलं असतं, याचा मला मनापासून राग येतो.

गळक्या नळाचं उदाहरण घ्या. नळाखाली तासभर भांडं ठेवलं, साचलेलं पाणी मोजलं, ८५ मिली भरलं. दिवसाला किती वाया गेलं? पैशांच्या सवयीने लिहिलं तर ०.८५ × २४ = २०.४ लिटर. खरं उत्तर ०.०८५ × २४ = २.०४ लिटर. दहापट फरक! आणि गुणाकार दोन्हीकडे बिनचूक आहे: ८५ × २४ = २०४०, मग घरं मोजून चिन्ह. त्यामुळे ताळा कितीही वेळा करून पाहिला तरी चूक हाती लागत नाही. ती गुणाकाराच्या आधीच, पहिला आकडा मांडतानाच झालेली असते.

दहापट चूक निदान डोळ्यांत तरी भरते. पुढची भरत नाही. २.०४ लिटर म्हणजे २ लिटर ४० मिली. उत्तर असं शब्दांत लिहिलं आणि महिन्याचा हिशोब तिथून पुढे नेला, की पोरं हमखास २.४० × ३० = ७२ लिटर करतात. हवं होतं २.०४ × ३० = ६१.२. आता ६१ च्या जागी ७२ पाहून कुणाला शंका येणार?

पाव लिटर, अर्धा लिटर घेऊन शिकवलं तर हे कधीच उघडं पडत नाही, कारण २५० आणि ५०० तीन आकडी आहेत, तिन्ही घरं आपोआप भरतात. शिकवताना मुद्दाम ८५, ४०, ५ असे आकडे द्यावेत. ५ मिली म्हणजे ०.००५. आधी तीन रिकामी घरं आखायची, उजवीकडून भरत यायचं, उरलेल्या घरांत शून्य.

बाकी किरकोळ. चिन्हाखाली चिन्ह मांडणं बेरजेत लागतं, गुणाकारात नाही. दहाने गुणताना शेवटी शून्य चिकटवू नये, चिन्ह एक घर उजवीकडे न्यावं.

माझं स्पष्ट मत विचाराल तर घरच्या हिशोबात दशांश आधी आणूच नये. ८५ × २४ × ३० = ६१,२०० मिली, आणि शेवटी एकदाच हजाराने भागायचं. मीटर-सेंटिमीटरचं नातं शंभराचं, तिथे रुपयाची सवय चालते. किलो-ग्रॅमचं हजाराचं, तिथे चालत नाही. पाण्याच्या मीटरवरचा घनमीटरही हजार लिटरचा असतो. आपले ६१.२ लिटर तिथे ०.०६१२ घनमीटर होतात, ०.६१२ नव्हे.